गंधर्वांच्या नावावर ठेवलेले गाणे

तेराव्या शतकात देवगिरीच्या सिंघण यादवाच्या पदरी असलेल्या शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ लिहिला आणि त्यात गीताची सरळ दोन दालने केली. वाग्गेयकाराने, म्हणजे शब्द आणि स्वर दोन्ही रचणाऱ्याने, रचलेले, देशी रागांत बांधलेले, लोकांचे मन रिझवणारे ते गान. अनादी संप्रदायाने चालत आलेले, गंधर्व ज्याचा प्रयोग करतात आणि जे हमखास श्रेयस देते, ते गांधर्व. गानाला कर्ता आहे, गांधर्वाला नाही. अंतरिक्षात राहणाऱ्या, कुणाच्याही दृष्टीस न पडलेल्या एका जमातीच्या नावावर एवढे मोठे विधिसंगीत शास्त्रकारांनी का चढवले असावे? कलेचा मोठेपणा सांगण्यासाठी, असे उत्तर नेहमी दिले जाते. मला ते अपुरे वाटते. ग्रंथांतले पुरावे एकत्र ठेवले की त्यामागे एक व्यवहारी हेतू दिसतो: गाणाऱ्याने त्यात फेरफार करू नये, म्हणून त्याची मालकीच माणसाच्या आवाक्याबाहेर नेली गेली.

हे संगीत मोघम नव्हते. भरताच्या नाट्यशास्त्रात स्वर, ताल आणि पद मिळून गांधर्व होते, आणि त्याच्या मध्यभागी सात गीतके आहेत: मद्रक, अपरांतक, उल्लोप्यक, प्रकरी, ओवेणक, रोविंदक, उत्तर. नाटकाआधीच्या पूर्वरंगात, म्हणजे पूजाविधीतच, गीतकांना जागा होती. गाताना हात मोकळा नसे. तळवा वर करून बोटे मिटली की आवाप. तळवा खाली करून बोटे पसरली की निष्क्राम. पसरलेल्या बोटांचा उताणा हात उजवीकडे टाकला की विक्षेप. तळवा पुन्हा खाली करून बोटे आवळली की प्रवेश. या चार क्रिया बिनआवाजी. मग उजव्या हाताची टाळी ती शम्या, डाव्याची ताल, दोन्ही हात एकत्र आले की सन्निपात. कोणत्या गीतकात कितव्या कलेला, म्हणजे तालाच्या कितव्या मापाला, हात कुठे असावा, हे आधीच ठरलेले. गाणाऱ्याच्या लहरीला फट कुठे ठेवायची नाही, असाच या मांडणीचा रोख आहे. दहाव्या-अकराव्या शतकाच्या संधीवर काश्मीरमध्ये नाट्यशास्त्रावर टीका लिहिणारा अभिनवगुप्त कारणही देतो. गानाचे फळ दिसते, ऐकणारा रंगतो. गांधर्वाचे फळ अदृष्ट असते. फळ अदृष्ट असले की चूक श्रोत्यांच्या पसंतीने भरून निघत नाही. यज्ञात मंत्र चुकावा तशी ती चूक. याज्ञवल्क्यस्मृतीत हीच गीतके मोक्षसाधनांच्या प्रकरणात येतात, हा योगायोग नाही. आणि शार्ङ्गदेव तर जातींबद्दल, म्हणजे गांधर्वातल्या ठरीव स्वररचनांबद्दल, स्पष्टच बजावतो: ऋचा, यजु, साम जसे बदलत नाहीत, तशा सामापासून उपजलेल्या जातीही बदलू नयेत.

यावर आक्षेप येईल की आपल्याकडे प्रत्येक विद्येचा उगम देवाकडेच नेतात. नाट्यवेदही ब्रह्मदेवाचाच, मग गंधर्वांचे वेगळे ते काय? उत्तर नाट्यशास्त्रातच आहे. नाटकातल्या ध्रुवागीतांचे मूळही दैवी परंपरेतच सांगितले आहे, पण ती पात्र, प्रसंग, रस पाहून बेतायची असतात आणि त्यांची भाषाही बहुधा प्राकृत. एकाच ग्रंथात, एकाच दैवी छत्राखाली, एका गाण्याला मोकळीक आहे आणि दुसऱ्याला नाही. नुसता गौरवच करायचा असता, तर असा भेद पाडायची गरज नव्हती.

पूर्वरंगाच्या अध्यायातली निर्गीताची कथा मला याहून बोलकी वाटते. देवांच्या स्तुतीची गाणी चालू असताना नारद आणि गंधर्व निरर्थक अक्षरांचे निर्गीत वाजवतात. दैत्य-राक्षस त्यावर इतके खूष होतात की आम्हाला एवढेच पुरे म्हणतात. देव चिडून ते बंदच पाडायला निघतात. नारद मध्ये पडतो आणि निर्गीत टिकते. देव ईर्ष्येने त्याला बहिर्गीत म्हणू लागतात, इतकेच. पदांना अर्थ नाही, श्रोते शत्रुपक्षाचे, देवांचा रोष. काटछाट करायला याहून सबळ निमित्त कोणते असणार? तरी विधी होता तसा राहतो.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. दीघनिकायातल्या सक्कपञ्ह सुत्तात पंचशिख नावाचा गंधर्व वीणा घेऊन बुद्धासमोर गातो, आणि गातो काय, तर सूर्यवर्चसा या गंधर्वकन्येवरचे प्रेमगीत. बुद्ध तारांचा आणि गळ्याचा मेळ छान जमल्याचे सांगतात. गंधर्व असे मनमोकळे गात असतील, तर अपरिवर्तनीय विधीचा त्यांच्याशी संबंध काय? कथेतला गंधर्व आणि शास्त्रातला गंधर्व यांची कामे वेगळी आहेत, असे मी म्हणेन. कथेला रसिक प्रियकर हवा होता, शास्त्राला हवा होता दूरचा साक्षीदार, ज्याला कुणी जाऊन विचारू शकत नाही. गांधार ग्राम या स्वरव्यवस्थेचे काय झाले ते पाहा. नारदीय शिक्षा तो स्वर्गातच आहे म्हणते. जुना संगीतशास्त्रकार दत्तिल तर सांगतो की काही जण त्याचे नाव घेतात, पण तो इथे सापडत नाही. एक अख्खी स्वरव्यवस्था व्यवहारात नसूनही शास्त्रात राहिली, ती तिला आकाशात जागा मिळाली म्हणूनच.

या बंदोबस्ताची किंमत मोठी होती. जे बदलता येत नाही, ते नवा गळा, नवे वाद्य, नवी भाषा आत घेऊ शकत नाही. शार्ङ्गदेवाने तालाध्यायात गीतकांचा तपशील निष्ठेने भरला, पण त्याच्या ग्रंथातला वाहता भाग देशी रागांचा आणि प्रबंधांचा आहे, आणि पुढची वाटही त्यांनीच धरली. विसाव्या शतकात मराठी रसिकांनी नारायणराव राजहंस, रामभाऊ कुंदगोळकर आणि शिवपुत्र कोमकली यांना गंधर्व म्हणूनच डोक्यावर घेतले. तिघेही शार्ङ्गदेवाच्या वाटणीत गानाच्या बाजूला बसतील: आपली मुद्रा उमटवणारे, जनरंजन करणारे, जुन्या गीतकाने ज्याला मज्जाव केला असता नेमके तेच करून मोठे झालेले.