लग्नचौकापासून शहराच्या भिंतीपर्यंत

मुंबईच्या उपनगरांत गेरूच्या तांबड्या रंगावर पांढऱ्या रेषांनी काढलेली त्रिकोणी माणसे आता कोणालाही अपरिचित राहिलेली नाहीत. शाळांची कुंपणे, उद्यानांच्या भिंती, कार्यालयांची दालने, एवढेच नव्हे तर चहाचे पेले आणि साड्यांचे काठ यांवरही ती अवतरली आहेत. परंतु ज्या वारली समाजाच्या घरांतून ही चित्रकला आली, तो समाज याच उपनगरांच्या पाठीशी असलेल्या डोंगरांत नांदत आहे, याची जाणीव अंधेरी-बोरिवलीच्या गर्दीतून जाणाऱ्या फारच थोड्यांना असते. गोरेगाव पूर्वेकडील आरे परिसरातील केलटीपाडा, प्रजापूरपाडा यांसारखे पाडे आणि बोरिवलीच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानातील पाडे ही त्यांची वस्तिस्थाने होत. १९४९ साली आरे दुग्धवसाहतीची स्थापना झाली, त्याच्याही आधीपासून हे लोक येथे शेती करीत आले आहेत. साष्टी बेट हा एके काळी भातशेतीच्या गावांचा मुलूख होता. त्या जीवनाशी जोडणारा हा एक जिवंत दुवा आहे.

वारली चित्र मुळात सजावटीसाठी काढले जात नाही. ते लग्नविधीचे अंग आहे. कारवीच्या कुडाची भिंत शेणामातीने सारवून तिच्यावर गेरूचा हात दिला जातो आणि तांदळाच्या पिठाची पाण्यात कालवलेली खळ, टोक चावून मऊ केलेल्या बांबूच्या काडीने रेखली जाते. चित्र रेखण्याचा मान सवाशिणींचा. चौकटीच्या मध्यभागी पालघट देवी उभी असते. तिच्याभोवती सूर्य, चंद्र, फणी, शिडी, झाडे आणि घोडा यांना स्थान मिळते. शेजारच्या लहान चौकात पंचशिऱ्या देव येतो. विधी चालविणारी धवलेरी गाणी म्हणते आणि त्या गाण्यांतूनच देवांना बोलावणे जाते. चौक लिहिल्याशिवाय लग्न लागत नाही, असा दंडक आहे. पालघट ही सुफलतेची देवता. म्हणजे नववधूचे सौख्य आणि शिवारातील भात या दोहोंसाठी एकाच भिंतीवर एकच मागणे मागितलेले असते.

युरोपीय कलेच्या इतिहासात शेतकऱ्याचे लग्न चितारणारे सर्वांत प्रसिद्ध चित्र पीटर ब्रॉयगेल या फ्लेमिश चित्रकाराचे. १५६७च्या सुमारास काढलेल्या आणि आज व्हिएन्नाच्या संग्रहालयात असलेल्या या चित्रात धान्याच्या खळ्यात पंगत बसली आहे आणि मागे पेंढ्या रचलेल्या आहेत. ब्रॉयगेलची नजर सहृदय खरी, पण ती पाहुण्याची आहे. वारली चौकात पाहुणा कोणीच नाही. पेरणी, लावणी, मळणी, ताडावर चढणारा माणूस, तारपा वाजविणाऱ्याभोवती वळसे घेत नाचणारी रांग, हे सारे ज्यांनी जगले त्यांच्याच हातून ते भिंतीवर उतरले आहे.

या कलेचे वय सांगताना पुष्कळदा हजारो वर्षांचे आकडे दिले जातात. माणसाची आकृती दोन त्रिकोणांत बसविण्याची रीत प्राचीन गुहाचित्रांतही आढळते, यावरून हे अनुमान निघते. तथापि कुडाची भिंत काही पावसाळ्यांपलीकडे टिकत नाही आणि नव्या लग्नासाठी ती पुन्हा सारवली जाते. साम्य हा पुरावा नव्हे, एवढे भान शिक्षकांनी तरी ठेवावयास हवे.

कागदावरचा प्रवास मात्र निश्चित तारखांचा आहे. भास्कर कुलकर्णी या चित्रकाराने १९६६-६७च्या दुष्काळात बिहारमधील मधुबनी भागात जाऊन तेथील स्त्रियांच्या हाती कागद दिला होता. पुढे १९७०च्या दशकाच्या आरंभी ते डहाणू परिसरातील वारली पाड्यांवर पोहोचले. डहाणू तालुक्यातील गंजाडचे जिव्या सोमा मशे यांची कला तेथेच त्यांच्या दृष्टीस पडली. १९३४ साली जन्मलेले मशे लहानपणी आई गेल्यावर बोलेनासे झाले होते आणि मातीत चित्रे काढून मनातले सांगत असत. १९७५ साली मुंबईच्या केमोल्ड कलादालनात त्यांची चित्रे लागली, १९७६ साली राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, १९८९ साली पॅरिसच्या आंतरराष्ट्रीय प्रदर्शनात ती गेली, २०११ साली पद्मश्री आली. २०१८च्या मे महिन्यात त्यांचे निधन झाले. लग्नाच्या चौकटीबाहेर पडून रोजचे जगणे चितारणारा पहिला मोठा वारली चित्रकार ही त्यांची योग्यता निर्विवाद होय.

तरीही येथे एक गोष्ट नोंदविणे अगत्याचे आहे. मधुबनीत कागद स्त्रियांच्या हाती राहिला. सीतादेवी आणि गंगादेवी यांना पुढे पद्मश्री मिळाली. वारली प्रदेशात कागदाबरोबर प्रामुख्याने पुरुषांची नावे झाली. ज्या सवाशिणींनी पिढ्यान्‌पिढ्या भिंती रेखल्या, त्यांतील बहुतेकींची नावे कोणत्याही सूचिपत्रात नाहीत. भिंतीवरील चौकाखाली सही करण्याची पद्धतच नव्हती, हे खरे. पण इतिहास सह्यांवरून लिहिला जाऊ लागला आणि त्यात त्या मागे पडल्या.

२०१४ साली वारली चित्रकलेला भौगोलिक संकेतांकाची नोंदणी मिळाली. त्यामुळे या नावाला कायद्याचे संरक्षण लाभले. परंतु भिंत कोणाकडून रंगवून घ्यावी, हे अखेर ती रंगविणारी शाळा किंवा ग्रामपंचायतच ठरविते. छापील नमुना पाहून कंत्राटदाराचा रंगारी जे काढतो त्यात तारप्याचा वेढा असतो, पण पुष्कळदा नाचणारे तारपेवाल्याला पाठ दाखवितात. प्रत्यक्ष नाचात असे घडत नाही. पाड्यावरच्या एखाद्या जाणत्या स्त्रीला बोलावून तिच्यासमोर मुलांना बसविले, तर ही चूकही टळते आणि तिच्या हाताचे मोलही तिला मिळते.

उपनगरातील अनेक पाड्यांवर आता कुडाच्या जागी विटा आणि पत्रे आले आहेत. वाघोबाची पूजा मात्र चालू आहे. चित्रांतही आता आगगाडी आणि सायकल दिसू लागल्या आहेत. लग्नघरी चौक अजून लिहिला जातो. लग्न आटोपल्यावर तो कोणी मुद्दाम जपून ठेवीत नाही. चुलीच्या धुराने तो हळूहळू काळवंडत जातो.