तलवारीला तिकीट

1868 मध्ये जपानवर राज्य करणाऱ्या टोकुगावा शोगुनांची, म्हणजे लष्करी सत्ताधीशांची, सत्ता गेली आणि साकाकिबारा केनकिची बिनधन्याचा सामुराई झाला. शोगुनांच्या एदोतल्या (आजच्या टोकियोतल्या) लष्करी शाळेत तो तलवार शिकवत असे. चौदाव्या शोगुनचा, इएमोचीचा, तो मर्जीतला माणूस.

नव्या मेइजी सरकारने झपाट्याने घडी बदलली. 1871 मध्ये सरदारांची संस्थाने खालसा झाली. 1873 मध्ये सक्तीची लष्करभरती आली. शेतकऱ्याचा मुलगाही आता शिपाई होणार होता. 1876 मध्ये तलवार बाळगण्यावर बंदी आली आणि तनख्यांऐवजी सामुराईंच्या हाती कर्जरोखे पडले. त्याच वर्षी ऑक्टोबरात कुमामोतो शहरात पावणेदोनशेच्या आसपास सामुराई बंदुकांना शिवायचे नाही असे ठरवून नुसत्या तलवारी-भाल्यांनिशी लष्करी छावणीवर चालून गेले. त्यातले बहुतेक लढताना किंवा स्वतःच्या हाताने मेले.

साकाकिबाराही हट्टीच. डोक्यावरचा बुचडा त्याने अखेरपर्यंत कापला नाही. पण पोट भरायचे होते, शागिर्द पोसायचे होते.

एप्रिल 1873 मध्ये त्याने टोकियोच्या असाकुसा भागात तलवारबाजीचे जाहीर सामने भरवले. मांडणी सरळ सुमोवरून उचललेली: मधे आखाडा, पूर्व आणि पश्चिम असे दोन पक्ष, नावे पुकारणारा, निकाल देणारा पंच. हातात शिनाई, म्हणजे बांबूची तलवार, आणि दारात तिकीट. नागिनाता हे लांब दांड्याचे पाते चालवणाऱ्या स्त्रिया उतरल्या, इंग्रजही उतरले. गर्दी लोटली आणि शहरात ठिकठिकाणी असे फड उभे राहिले. जुन्या जाणत्यांनी मात्र नाके मुरडली: याने विद्येचा बाजार मांडला!

या बाजारानेच तलवारबाजांना कठीण वर्षांत तगवले. 1877 मध्ये सात्सुमाच्या सामुराईंनी सरकारविरुद्ध केलेल्या बंडात पोलिसांच्या तलवार पथकाने नाव काढले, आणि पोलीस खात्याला उस्ताद हवे झाले. फड गाजवलेल्या कित्येकांना तिथे नोकरी लागली.

नोव्हेंबर 1887 मध्ये सम्राटासमोर पोलादी शिरस्त्राणावर वार करण्याची परीक्षा झाली. पोलिसांचे दोन नामांकित उस्ताद, उएदा आणि हेनमी, फसले. साकाकिबाराने वार केला; पोलादात दहा-एक सेंटीमीटरची चीर पडली. तेव्हा त्याचे वय 56 होते.

1894 मध्ये तो वारला. पुढच्याच वर्षी क्योतोत युद्धविद्यांच्या जतनासाठी बुतोकुकाई ही संस्था निघाली. ज्या सरकारने सामुराईंच्या कमरेची तलवार उतरवली, त्यानेच 1911 मध्ये माध्यमिक शाळांच्या व्यायामाच्या तासाला तलवारबाजीला जागा दिली.