परसाईंच्या विनोदातील ‘मी’

स्वतःला हसणारा लेखक नम्र असतो, अशी वाचकाची एक सोयीची समजूत आहे. जबलपूरचे हिंदी व्यंगकार हरिशंकर परसाई (१९२४–१९९५) यांचे लेखन वाचताना ती फार काळ टिकत नाही.

मराठीत आत्मपर विनोदाची परंपरा संपन्न आहे खरी. परंतु तीत लेखक बहुधा दुसऱ्या नावाच्या आडोशाला उभा असतो. कोल्हटकरांचा सुदामा, चिं. वि. जोशी यांचे चिमणराव, पु. ल. देशपांडे यांच्या ‘असा मी असामी’तील धोंडो भिकाजी जोशी हे सारे प्रथमपुरुषात बोलतात, पण फजिती होते ती त्यांची. निर्मात्याच्या अब्रूला धक्का पोचत नाही. परसाई हा आडोसा अनेकदा दूर सारतात. त्यांच्या ‘मी’चे गाव, पेशा आणि दुखणी ही लेखकाचीच असतात.

१९७३ साली जबलपुरात, त्यांच्या लेखनाने चिडलेल्यांनी त्यांना घरी येऊन मारहाण केली. एखाद्याने यावर निषेधाचा लेख लिहिला असता. परसाईंनी ‘पिटने-पिटाने में फर्क’ लिहिला आणि मार खाल्ल्याने लाभलेल्या कीर्तीचीच थट्टा आरंभिली. हल्लेखोर त्यामुळे सुटत नाहीत. मात्र सहानुभूती दाखवावयास आलेला सज्जनही सुटत नाही, आणि ती सहानुभूती मनातून चाखणारा ‘मी’ तर मुळीच नाही.

या विनोदाची खरी कळ येथे आहे. आरोपीच्या पिंजऱ्यात वक्ता प्रथम आपण होऊन शिरतो. वाचक त्याला हसतो. आणि हसता हसता ज्या लोभासाठी तो हसला, तो आपल्यापाशीही आहे हे त्याच्या ध्यानात येते. तोवर उशीर झालेला असतो. परक्यावर केलेला उपहास वाचकाला न्यायाधीशाचे आसन देतो. हा विनोद ते देत नाही.

‘विकलांग श्रद्धा का दौर’ हे याचे उत्कृष्ट उदाहरण. याच नावाच्या संग्रहास १९८२ साली साहित्य अकादेमीचा पुरस्कार मिळाला. पाय मोडल्यावर लोक पाया पडू लागतात आणि ‘मी’ला श्रद्धेय होण्याची गोडी लागते, एवढीच कल्पना. पण विकलांग कोण? तो, की त्याच्यावर जडलेली श्रद्धा? शीर्षकातील हा श्लेष संस्कृत शब्दांमुळे मराठीत जसाच्या तसा उतरतो.

अडचण पुढे आहे. हिंदीत मोडते ती टाँग आणि स्पर्श होतो तो चरणांना. अवयव एकच, पण दोन शब्दांमध्ये केवढे अंतर! मराठीत मोडतोही पाय आणि पडावयाचे तेही पायाच. त्यातून ‘पाय धरले’ म्हणावे, तर श्रद्धेऐवजी गयावयाच डोळ्यांपुढे येते. ‘तंगडी’ आणि ‘चरण’ हे शब्द योजून अंतर राखता येते. परंतु सभ्य अनुवादक ‘तंगडी’ लिहावयास कचरतो, मोडलेला अवयव ‘पाय’ म्हणून आदरपूर्वक ठेवतो, आणि परसाईंनी स्वतःची न केलेली गय आपण करून बसतो.