ही मूठ झाकून ठेवू नका

गेल्या श्रावणातली गोष्ट. सकाळची शाळा आटोपून घरी आले, तर सासूबाई पलंगावर आडव्या. शुक्रवार, पुरणाचा स्वयंपाक, आणि त्या निजलेल्या! सणावाराला त्यांना असं पडलेलं मी बारा वर्षांत पाहिलं नव्हतं. पान वाढलं तर म्हणाल्या, "भूक नाही गं." दुसऱ्या दिवशीही तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. पाचव्या दिवशी मात्र मी खोलीचं दार लोटून घेतलं, त्यांच्याजवळ बसले आणि म्हटलं, "आई, काय होतंय ते मला सांगा. मी कुणाजवळ बोलणार नाही."

तेव्हा त्यांनी पदर बाजूला केला.

त्याच्या वर्षभर आधी त्यांचं ऑपरेशन झालं होतं. मोठ्या आतड्यात गाठ होऊन मार्गच बंद झाला होता. रातोरात पोट उघडावं लागलं. आतड्याचा एक वेढा पोटाच्या कातडीतून बाहेर काढून तिथे तोंड केलं. ह्यालाच कोलोस्टॉमी म्हणतात, आणि त्या तोंडाला स्टोमा. शौच तिथून बाहेर येतं आणि वर चिकटवलेल्या पिशवीत जमतं. एरवी हा स्टोमा लिंबाएवढा, लालसर आणि ओलसर दिसायचा. त्या दिवशी पाहते तर वीतभर आतडं पिशवीत लोंबत होतं!

"गाठ परत आली गं," सासूबाई म्हणाल्या. "आता माझं काही खरं नाही. त्याला सांगू नकोस, उगीच पैशाला खार." पिशवी भरायला नको म्हणून त्या चार दिवस धड जेवल्याही नव्हत्या.

खरं सांगते, माझ्या पोटात धस्स झालं, आणि क्षणभर किळसही आली. त्या किळसेची मला आजही लाज वाटते. पण ह्या बायकांच्या पानावर नाही सांगायचं तर कुठे सांगायचं?

गाठ नव्हे, घसरलेलं आतडं

ह्यांना कचेरीतून बोलावून घेतलं आणि आम्ही सर्जनकडे गेलो. त्यांनी पाहिलं आणि म्हणाले, "आजी, ही गाठ नाही हो. तुमचं आतडंच बाहेर घसरलंय." ह्याला स्टोमाचा प्रोलॅप्स म्हणतात. आपल्यात बाळंतपणानंतर काही बायकांचं 'अंग बाहेर येतं' ना, त्याच्याच जातीतला हा प्रकार. पोलक्याची बाही काढताना ती उलटी होऊन बाहेर येते, तसं आतडं त्या तोंडातून उलटं होऊन बाहेर येतं.

असं का होतं? एक तर पोटाच्या स्नायूंतलं भोक सैल असतं. तातडीच्या ऑपरेशनच्या वेळी तुंबलेलं आतडं फुगलेलं असतं, म्हणून वाट मोठी ठेवावी लागते. पुढे फुगवटा उतरतो, वाट मात्र मोठीच राहते. त्यातून आतड्याचा अख्खा वेढा बाहेर काढलेला असेल, तर हा धोका जास्त. आणि दुसरं म्हणजे पोटात वाढणारा दाब. जुनाट खोकला, शौचाला कुंथणं, वाढलेलं वजन, जड ओझं ही त्याची कारणं.

आमच्याकडे दोन्ही जुळून आलं होतं. आषाढभर सासूबाई खोकत होत्या, आणि मी सकाळी शाळेत गेले की नळाच्या पाण्याच्या कळशा त्याच भरून ठेवत. मला पत्ताच नव्हता! ऑपरेशन झालं त्या दवाखान्यानं घरी पाठवताना पिशव्यांचं पुडकं हातात दिलं होतं. पण वजन उचलू नका, असं काही होऊ शकतं, ह्याबद्दल एक शब्द कुणी सांगितला नाही. आम्हीही विचारलं नाही.

घरी काय करावं?

पहिली गोष्ट म्हणजे घाबरू नये. आतडं लाल, ओलसर असेल, शौच आणि वारा नेहमीसारखा बाहेर येत असेल, तर तो जिवावरचा प्रसंग नसतो. तरी पहिल्यांदा असं झालं की डॉक्टरांना दाखवायलाच हवं.

उताणं निजून पोट सैल सोडावं. उभं राहिलं की आतडं बाहेर येतं आणि निजलं की पुष्कळदा आपोआप आत जातं. सूज असेल तर फडक्यात गुंडाळलेला बर्फ पिशवीवरून पाचेक मिनिटं धरावा. बर्फ उघड्या आतड्यावर कधीही ठेवू नये.

आणखी एक उपाय ऐकून मी चकितच झाले, तो म्हणजे साखर! हो, आपल्या चहाची साधी साखर. सुजलेल्या आतड्यावर ती भुरभुरली की आतलं पाणी शोषून घेते, १५-२० मिनिटांत सूज उतरते आणि आतडं हलक्या हातानं आत सारता येतं. पण हे आधी डॉक्टरांकडून किंवा स्टोमाच्या नर्सबाईंकडून समोर बसून शिकून घ्यावं. आतड्याचा रंग बदललेला असेल किंवा त्यावर जखम असेल, तर साखरेच्या वाटेला जाऊच नये. आणि जोर तर कधीच लावू नये. आतड्याला स्पर्शाचं दुखणं कळत नाही, त्यामुळे इजा झाली तरी पेशंटला समजत नाही.

पिशवीचं माप

आम्ही वर्षभर एकाच मापाचं भोक कापत होतो. आतडं फुगल्यावर ते कडेला काचू लागलं. प्रोलॅप्स असेल तर पिशवी मोठी घ्यावी, आणि शक्यतो एकसंध, मऊ चकतीची. कडक कडीची पिशवी आतड्याला घासते. भोक फार मोठं ठेवलं तर भोवतालची कातडी मळानं सोलवटते, लहान ठेवलं तर आतडं आवळतं. म्हणून भोकाच्या कडेला चार-पाच बारीक चिरा द्याव्यात. म्हणजे फुगलेला भाग सहज आत सरकतो आणि चकती मुळाशी नीट बसते. पिशवी निजूनच लावावी आणि अर्धी भरायच्या आत रिकामी करावी. धुवायला कोमट पाणी पुरे, जंतुनाशक नको.

आतडं आत गेल्यावर निजल्या निजल्याच आधाराचा पट्टा बांधतात. तो दिवसा वापरायचा आणि रात्री सोडायचा. खोकताना, शिंकताना स्टोमावर तळहाताचा आधार द्यावा. बद्धकोष्ठ होऊ देऊ नये. आणि कळशी, बादली, गव्हाचा डबा ह्यांना रजा!

केव्हा धावायचं?

आतडं जांभळं, काळं किंवा पांढरंफटक दिसू लागलं, पोटात कळा येऊ लागल्या, उलट्या झाल्या, शौच आणि वारा बंद झाला, रक्त थांबेना किंवा आतडं आत जाईना, तर सकाळची वाट पाहू नये. रक्तपुरवठा आवळला गेल्याची ही लक्षणं असू शकतात. तेव्हा साखर नको, बर्फ नको, थेट इस्पितळ गाठावं.

प्रोलॅप्स वारंवार होऊन त्रास देत असेल तर शस्त्रक्रिया करता येते. स्टोमा तात्पुरता असेल तर तो बंदही करतात. सासूबाईंचं वय आणि हृदय पाहून डॉक्टरांनी तूर्त पट्ट्यावर भागवायचं ठरवलं आहे.

एका बहिणीची देणगी

नर्सबाईंनी एक हकीगत सांगितली. १९५४ साली डेन्मार्कमधल्या एलिसे सोरेन्सन ह्या नर्सच्या बहिणीचं, थोराचं, असंच ऑपरेशन झालं. पिशवी गळेल ह्या भीतीनं थोरा घराबाहेर पडेना. बहिणीची ती दशा पाहून एलिसेला कातडीला चिकटणाऱ्या, वापरून टाकायच्या पिशवीची कल्पना सुचली. आज जगभर वापरतात त्या पिशव्या ह्याच कल्पनेतून आल्या. आपल्याकडे मुंबईत ऑस्टोमी असोसिएशन ऑफ इंडिया ही संस्था अशा रुग्णांसाठी काम करते.

हकीगत ऐकून सासूबाई बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, "म्हणजे तीही घरातच बसली होती म्हण की!"

संक्रांतीच्या हळदीकुंकवाला त्या वर्षानंतर पहिल्यांदा बाहेर पडल्या. पट्टा आत, वर काळी चंद्रकळा. परतल्यावर मला हळूच म्हणाल्या, "मागच्या आळीतल्या काकूंनासुद्धा पिशवी आहे बरं का. दोन वर्षं कुणाला बोलल्या नाहीत. उद्या बोलावलंय त्यांना. तू ते चिरा द्यायचं दाखव."

झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. पण मैत्रिणींनो, दुखण्याची मूठ मात्र उघडलेलीच बरी!