चार भुकट्यांचा रंग

फाउंडेशनच्या बाटलीची दर्शनी बाजू आणि मागची बाजू यांत हल्ली बरंच अंतर पडलं आहे. पुढे ठळक अक्षरांत हायलुरॉनिक ॲसिड, नायसिनामाइड, व्हिटॅमिन सी, स्क्वालेन. कुठे पाण्याचा थेंब, कुठे कोरफडीचं पातं. मागे, भिंग घेऊन वाचावी लागेल अशा बारीक टायपात घटकांची यादी. दुकानात गेले की मी आधी मागची बाजू वाचते. यादीत सगळ्यात जास्त असलेला घटक पहिला आणि मग उतरत्या क्रमाने बाकीचे, असा नियम असतो. पण तो एक टक्क्यापर्यंतच. त्याखालचे घटक कंपनीला हवे तसे पुढेमागे लावता येतात. ही एक टक्क्याची रेघ छापलेली नसते. ती ओळखायची खूण म्हणजे फिनॉक्सीइथेनॉल. माल खराब होऊ नये म्हणून घातलेलं हे द्रव्य साधारणपणे एक टक्क्याच्या वर जात नाही. रंगद्रव्यं सोडली तर यादीत त्याच्या मागे जे जे आलं, ते बहुधा एक टक्का किंवा त्याहून कमी.

या खुणेने वाचलं की बराच उलगडा होतो. हायलुरॉनिक ॲसिड मागे असलं तरी तक्रार नाही, ते थोडंसंच पुरतं. नायसिनामाइडचं तसं नाही. त्वचेवर त्याचा गुण दिसला तो दोन ते पाच टक्क्यांना. फिनॉक्सीइथेनॉलच्या मागे बसलेलं नायसिनामाइड नावापुरतंच म्हणायचं. शुद्ध व्हिटॅमिन सी पाण्यात आणि हवेत टिकत नाही, पिवळं-तपकिरी पडतं, म्हणून फाउंडेशनमध्ये बहुतेक वेळा त्याची एखादी सौम्य, टिकाऊ आवृत्ती असते.

म्हणून ‘स्किनकेअरवालं’ फाउंडेशन ही निव्वळ थाप आहे असं मात्र मी म्हणणार नाही. ग्लिसरीन आणि स्क्वालेन यादीत वर असतील तर फरक हाताला कळतो. थर ओढल्यासारखा वाटत नाही, दुपारपर्यंत हसण्याच्या रेषांत फाटत नाही. चाळिशीनंतरच्या कोरड्या कातडीला हे मोठंच सुख आहे. पण आपल्यासारख्या गव्हाळ-सावळ्या कातडीची खरी राखण करणारा घटक यादीच्या अगदी तळाशी, कुणी बघत नाही तिथे असतो. सीआय ७७४९१, सीआय ७७४९२, सीआय ७७४९९. तांबडं, पिवळं आणि काळं आयर्न ऑक्साइड. यांच्या जोडीला सीआय ७७८९१, म्हणजे पांढरं टायटॅनियम डायऑक्साइड. दुकानातल्या फळीवर गोऱ्यापान शेडपासून गडद कॉफीपर्यंत जितक्या बाटल्या उभ्या असतात, त्या जवळजवळ सगळ्या या चार भुकट्यांचं प्रमाण कमीजास्त करून झालेल्या असतात.

हे मला कळलं ते वांगामुळे. बाळंतपणापासून माझ्या दोन्ही गालांच्या उंचवट्यावर वांग आहे. बाटलीवर एसपीएफ ५० लिहिलेलं सनस्क्रीन नेमाने लावूनही उन्हाळ्यात ते गडद व्हायचं. त्वचारोगतज्ज्ञ बाईंनी रंग असलेलं, टिंटेड सनस्क्रीन लिहून दिलं आणि कारण समजावून सांगितलं. एसपीएफचा आकडा मोजतो तो अतिनील किरणांचा, त्यातही मुख्यतः कातडी भाजणाऱ्या किरणांचा हिशेब. डोळ्यांना दिसणारा साधा उजेड त्यात धरलेला नाही. डेट्रॉइटच्या हेन्री फोर्ड हॉस्पिटलमधल्या संशोधकांनी २०१० साली दाखवून दिलं की दृश्य प्रकाशानेही सावळ्या कातडीवर गडद आणि टिकाऊ डाग उठतो. गोऱ्या कातडीवर तो उठला नाही. या उजेडातला, विशेषतः निळा-जांभळा भाग अडवायचं काम आयर्न ऑक्साइड करतं. ज्याला आपण नुसता रंग समजतो, तीच वांग असलेल्या बाईची औषधाच्या तोडीची राखण आहे. कायद्याच्या भाषेत ते औषध नव्हे. १९४० च्या औषधे आणि सौंदर्यप्रसाधने कायद्याने दोन्हींच्या व्याख्या वेगळ्या केल्या आहेत. फाउंडेशन रूप बदलणाऱ्यांत मोडतं, बरं करणाऱ्यांत नाही.

यातून एक गोष्ट ओघानेच येते, आणि ती मला जीव तोडून सांगावीशी वाटते. शेड जितकी उजळ, तितकं तिच्यात पांढरं जास्त आणि तांबडं-पिवळं-काळं कमी. आपल्या रंगापेक्षा दोन शेड उजळ फाउंडेशन घेणारी बाई पैसे मोजून नेमकं आपल्या उपयोगाचं तेच कमी करून घेते.

आणि दुकानात तर नेमकी तीच बाटली पुढे केली जाते. पुण्यात लक्ष्मी रस्त्याच्या आसपासच्या काउंटरवर मी हे पुन्हा पुन्हा पाहिलं आहे. मुलगी नम्रपणे मनगटाच्या आतल्या बाजूला एक रेघ ओढते, “ताई, बघा किती ग्लो येतो” म्हणते, आणि ती रेघ हमखास आपल्याहून उजळ असते. मनगटाची आतली बाजू ऊन न बघितलेली. तिच्याशी जुळणारा रंग चेहऱ्याशी कसा जुळेल? रेघ जबड्यावर हवी, गालावरून मानेकडे उतरणारी. एकाच वेळी तीन शेड शेजारीशेजारी लावायच्या. तीनपैकी जी शोधूनही सापडत नाही ती आपली.

पण तीही तिथल्या तिथे ठरवायची नाही. दुकानातले पिवळे दिवे सगळ्यांनाच छान दाखवतात. तीन रेघांसकट सरळ रस्त्यावर यावं, एखाद्या दुकानाच्या सावलीत उभं राहून आरसा काढावा. लोक बघतात, बघू देत. मग चहा प्यावा. ओलं असताना फाउंडेशन जो रंग दाखवतं तो त्याचा खरा रंग नव्हे. त्यातलं पाणी आणि उडून जाणारं सिलिकॉन गेलं, चेहऱ्याचं तेल त्यात मिसळलं, की बऱ्याच बाटल्या पाऊण शेड तरी गडद होतात. पंधरा मिनिटांनी जे दिसेल ते दिवसभर दिसणार.

अंडरटोनचं प्रकरण यापेक्षा नाजूक. बाटलीवर डब्ल्यू, सी, एन अशी अक्षरं असतात: पिवळसर, गुलाबी, मधला. मनगटाच्या शिरा हिरव्या की निळ्या, ही प्रसिद्ध चाचणी सावळ्या कातडीवर मला भरवशाची वाटत नाही. शिरा धड दिसतच नाहीत. त्यापेक्षा चूक कुठल्या बाजूला होते आहे ते बघावं. रेघ राखाडी दिसली तर पांढरं जास्त झालं, पिवळं-तांबडं कमी पडलं. विटकरी दिसली तर तांबडं जास्त. आपल्याकडे हिरवट छटेचे, ज्याला ऑलिव्ह म्हणतात तसे चेहरे पुष्कळ आहेत, आणि त्यांच्यासाठी बाटल्या अजून थोड्याच आहेत. भारतीय बायकांसाठी म्हणून लॅक्मे सुरू झालं १९५२ साली, रिहानाच्या फेंटी ब्यूटीने पहिल्याच दिवशी चाळीस शेड बाजारात आणल्या २०१७ साली. मधल्या पासष्ट वर्षांत किती सावळ्या बायकांनी राखाडी चेहऱ्याने लग्नाचे फोटो काढून घेतले असतील!

माझी एक मैत्रीण नवऱ्या मुलींचा मेकअप करते. सकाळचा मुहूर्त असला की ती पहाटे कार्यालयात पोचते, आणि मी अधूनमधून तिच्या सामानाच्या पेट्या उचलायला जाते. वधूपक्षाच्या खोलीत ट्यूबलाइट असते, गाद्यांवर साड्या पसरलेल्या, कोपऱ्यात रुखवताची खोकी. ती पहिल्यांदा खुर्ची खिडकीशी ओढते आणि आपला दिवा लावते. चेहऱ्याकडे बघते, पण शेड मात्र त्या चेहऱ्यावरून ठरवत नाही. आदल्या दिवशी हळद लागलेली असते. दोनदा तोंड धुतलं तरी कातडीवर पिवळी झाक राहते, आणि त्या झाकेला जुळवलेलं फाउंडेशन दुसऱ्या दिवशी स्वागत समारंभात चुकतं. म्हणून ट्रायलच्या दिवशी लिहून ठेवलेलं मिश्रण ती वहीतून काढते: अमुक बाटलीचे दोन भाग, तमुकचा एक.

बेसच्या आधीच्या वेळेत ती तडजोड करत नाही. मॉइश्चरायझर, मग थांबायचं. सनस्क्रीन, पुन्हा थांबायचं. फाउंडेशनमध्ये एसपीएफ असला तरी सनस्क्रीन वेगळं लागतंच, कारण तो आकडा कातडीच्या दर चौरस सेंटिमीटरला दोन मिलिग्रॅम थर धरून मोजलेला असतो. चेहरा-मानेला दोन बोटं भरून होईल एवढं फाउंडेशन कुणी लावत नाही. आयर्न ऑक्साइडलाही हाच न्याय: थर पातळ असल्याने ती राखण एकट्याने पुरी पडत नाही, म्हणून वांग असेल तर खालचं सनस्क्रीनही टिंटेड असावं. थांबलं नाही तर काय होतं ते मी पाहिलं आहे. खालचा थर बसलेला नसताना वरून सिलिकॉनचं फाउंडेशन घासलं की कानशिलापाशी पांढऱ्या वळ्या सुटतात. मग पुसून पहिल्यापासून.

बाटली ती चांगली हलवते, कारण भुकट्या जड असतात आणि तळाशी बसतात. न हलवता घेतलेल्या पहिल्या थेंबाचा रंग निराळाच निघतो. स्टीलच्या पट्टीवर दोन शेड उलथनीने एकजीव होतात. स्पंज पाण्यात भिजवून, टॉवेलात दाबून पिळून घेतलेला, ओलसर पण निथळणारा नाही. सुरुवात नाकपुड्यांच्या बाजूने. चेहऱ्याचा रंग सगळ्यात असमान असतो तो मध्यभागी. कडेला, केसांच्या रेषेजवळ, फारसं काही लावायची गरजच नसते. ती घासत नाही, ओढत नाही. स्पंज टेकवते, उचलते, टेकवते, आणि आवाज येतो तो नुसता हलका टपटप. ओठांभोवतीचा काळसरपणा उजळ फाउंडेशनने झाकायला गेलं की तिथे राखाडी वर्तुळ उमटतं. ती आधी नारिंगी करेक्टरचा पुसट हात देते, मगच बेस. गालावर वांग असेल तर सबंध गालावर दुसरा थर चढवत नाही, फक्त तेवढ्या डागावर बोटाच्या टोकाने दाबते. बोटाची ऊब लागली की कडा आपोआप विरतात. मग कान. नवरीचे कान विसरणाऱ्या मेकअपवालीला ती मेकअपवाली मानत नाही.

एकदा याच टप्प्यावर मुलीची मावशी येऊन उभी राहिली. “जरा उजळ कर गं, फोटोत काळी दिसेल.”

“मावशी, फोटोतच दाखवते,” मैत्रीण म्हणाली. तिने एका गालाच्या कडेला मावशींनी सांगितलेली उजळ शेड दाबली, त्यावर पांढरी पावडर फिरवली आणि मावशींचाच फोन मागून फ्लॅश टाकून फोटो काढला. टायटॅनियम डायऑक्साइड आणि तशा पावडरी फ्लॅशचा उजेड परतवतात. फोटोत तो भाग पांढराफटक आणि शेजारचा गाल मुलीचा. मावशींनी फोन डोळ्यांजवळ नेला, लांब धरला, आणि म्हणाल्या, “नको नको, आहे तेच राहू दे. छान दिसतेय.” मुलगी आरशात बघून हसली. मला त्या क्षणी मैत्रिणीचा फार अभिमान वाटला.

पावडर ती नाक, कपाळाचा मध्य आणि हनुवटी एवढ्यावरच देते. मुंबई-कोकणातल्या दमट हवेत थोडी सढळ, नागपूरच्या कोरड्या थंडीत जवळजवळ नाहीच. गालांवर पावडरचा थर दिला तर ग्लिसरीन-स्क्वालेनवाल्या बाटलीला मोजलेले पैसे वाया गेले.

सगळ्यात जास्त हयगय होते ती काढताना. सिलिकॉनचा बेस नुसत्या फेसवॉशने निघत नाही, वरचा रंग जातो आणि भुकटी रंध्रांत राहते. मराठी नाटकवाले रंग उतरवायला खोबरेल तेल वापरत आले, आणि तत्त्व बरोबरच आहे, तेलकट ते तेलानेच सुटतं. पण मुरुमांच्या कातडीला खोबरेल मानवत नाही, तिथे पाण्याने धुऊन जाणारं क्लेन्झिंग ऑइल बरं. मैत्रीण निघण्यापूर्वी त्याची एक लहान बाटली पाठराखणीला आलेल्या बहिणीच्या हाती देते. “रात्री कितीही वाजू देत, हिला असंच झोपू देऊ नकोस,” असं ती त्या दिवशी बजावत होती. “आधी हे. हात कोरडे, चेहरा कोरडा, मिनिटभर चोळायचं. मग पाण्याचा हात, दुधासारखं पांढरं होईल. ते धुतलं की मग फेसवॉश. आणि कानांच्या मागे विसरू नका.”