हजार चेहऱ्यांचा युआन मुझी

ऑलिम्पिकमध्ये चीनच्या खेळाडूला सुवर्णपदक मिळालं, की त्या देशाचं राष्ट्रगीत वाजतं. टीव्हीवर तुम्ही ते ऐकलंच असेल. पण ते मुळात एका सिनेमातलं गाणं आहे, हे माहीत होतं का? १९३५ सालच्या त्या सिनेमाचा नायक होता युआन मुझी. गाण्याची पहिली ध्वनिमुद्रिका निघाली, तिच्यातही त्याचा आवाज आहे.

युआनचा जन्म १९०९ चा, निंगबो शहरातला. शांघायच्या रंगभूमीवर तो एकाहून एक सोंगं अशी बेमालूम वठवायचा, की लोक त्याला ‘हजार चेहऱ्यांचा माणूस’ म्हणू लागले. १९३४ मध्ये तो सिनेमात आला. चिनी सिनेमा तेव्हा बहुतेक मुकाच होता. युआनचा पहिला सिनेमा मात्र बोलपट, आणि त्याची गोष्टही त्यानेच लिहिलेली.

मग पठ्ठ्या दिग्दर्शक झाला. १९३७ चा त्याचा ‘मालू थ्येनश्री’, म्हणजे ‘रस्त्यावरचे देवदूत’, आजही चीनमधल्या उत्तम सिनेमांत गणला जातो. सुरुवातीलाच कॅमेरा उंच इमारतीवरून खाली खाली उतरतो आणि गरिबांच्या वस्तीत येऊन थांबतो. तिथे राहतो एक बँडवाला. समोरच्या खिडकीत चहाच्या दुकानात गाणारी पोर. या खिडकीतून त्या खिडकीत गप्पा, चेष्टा, गाणी! झाओ दान आणि झोऊ श्वान यांनी ही कामं काय झकास केलीत! पण त्या पोरीला विकण्याचा घाट घातला जातो. तिला वाचवायला बँडवाला आणि त्याचा पेपरविक्या दोस्त मोठ्या इमारतीतल्या वकिलाकडे जातात. तिथला थाट बघून दोघं चाटच पडतात. आणि वकीलसाहेब? ते आधी फीचा आकडा सांगतात. हसता हसता घशात आवंढा येतो, बरं का!

त्याच वर्षी जपानने चीनवर मोठी चढाई केली. शांघायवर बाँब पडले. १९३८ मध्ये युआन कम्युनिस्टांच्या येनानला गेला. (सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीसही १९३९ मध्ये याच गावी पोचले होते.) योरिस इव्हेन्स या डच चित्रपटकाराने दिलेला एक कॅमेरा आणि थोडी फिल्म, एवढ्या भांडवलावर युआन आणि त्याचे सोबती येनानचा माहितीपट टिपू लागले. ती फिल्म धुवायची सोय तिथे नव्हती. म्हणून १९४० मध्ये युआन आणि संगीतकार श्यान शिंगहाय ती घेऊन रशियाला गेले. जून १९४१ मध्ये जर्मनीने रशियावर हल्ला केला आणि त्या धुमश्चक्रीत फिल्म हरवली ती हरवलीच. शिंगहाय १९४५ मध्ये मॉस्कोतच वारला.

युआन १९४६ मध्ये एकटा परतला. पुढे तो एका मोठ्या स्टुडिओचा प्रमुख झाला, मग सरकारच्या चित्रपट विभागाचाही. खुर्ची मोठी होती. पण त्याने पुन्हा एकही कथापट दिग्दर्शित केला नाही. मला तरी हे फार चुटपुट लावणारं वाटतं. १९७८ मध्ये तो गेला.

‘मालू थ्येनश्री’ कुठे बघायला मिळाला, तर सोडू नका. वकिलाचा प्रसंग तेवढा नीट बघा.