चुन्याच्या पाण्यात रात्रभर

साधं मक्याचं पीठ घ्या, गार पाण्यात मळा आणि पोळी लाटून पाहा. कडा फाटतील, उचलताना तुकडे पडतील. गव्हात असतं ते ग्लुटेन मक्यात नाही, म्हणून तर मक्याच्या भाकरीसाठी आधणाचं पाणी घालून पीठ उकडून घ्यावं लागतं. आता मेक्सिकोतला टॉर्टिया पाहा. तोही निव्वळ मक्याचाच. पण तो पातळ आणि लवचिक असतो, त्याची सुरळी होते, आणि मिरचीच्या रश्शात बुचकळली तरी ती सुरळी शाबूत राहते. त्या सुरळीत शिजवलेला घेवडा आणि भाज्या भरल्या की झाला एन्चिलाडा. पण त्याच मक्याला तिथे असं काय होतं, की तो आपला स्वभावच बदलतो?

चुना. पानाला लावतात तोच.

किलोभर वाळलेला मका, त्यात साधारण 10 ग्रॅम खायच्या चुन्याची पूड आणि तिप्पट पाणी. अर्धा-पाऊण तास मंद उकळायचं, गॅस बंद करायचा आणि रात्रभर तसंच झाकून ठेवायचं. सकाळी झाकण उघडलंत की पहिला चमत्कार डोळ्यांना दिसतो: दाणे जास्तच पिवळे झालेले असतात. हळदीला चुना लागला की ती लाल होते ना? तसंच इथेही दाण्यातली रंगद्रव्यं चुन्याला उत्तर देतात. दुसरा चमत्कार बोटांना कळतो. दाणा चोळला की त्याचं चिवट साल सुटून येतं, कारण साल धरून ठेवणारा हेमिसेल्युलोज चुन्याच्या पाण्यात विरघळलेला असतो. तिसरा नाकाला जाणवतो. गरम टॉर्टियाचा तो खास वास कच्च्या मक्याला नसतोच. चुन्यात शिजताना मक्यातल्या ट्रिप्टोफॅनचा काही भाग मोडतो आणि त्यातून हा सुगंध जन्मतो.

दाणे धुऊन वाटले की जो गोळा होतो त्याला मासा म्हणतात. मेक्सिकोत तो पिढ्यानपिढ्या मेतातेवर, म्हणजे आपल्या पाट्याच्या भाऊबंदावर, वाटत आले आहेत. चुन्यातलं कॅल्शियम, अर्धवट शिजलेला स्टार्च आणि सालातून सुटलेला चिकट डिंक अशी तिघांची मिळून पकड बसते, म्हणून मासा थापला तरी तुटत नाही. तव्यावर टाकला की फुगतोसुद्धा!

पण मला सगळ्यात थक्क करतं ते डोळ्यांना, बोटांना, नाकाला कशालाच न कळणारं काम. मक्यात नायसिन नावाचं जीवनसत्त्व असतं, पण ते असं जखडलेलं असतं की आपलं पोट ते सोडवू शकत नाही. चुना ते मोकळं करतो. मध्य अमेरिकेतल्या माणसांनी ही रीत तीन हजारांहून अधिक वर्षांपूर्वी बसवली. जीवनसत्त्व म्हणजे काय, हे तेव्हा जगात कुणालाच माहीत नव्हतं.

आणि रीत मागे ठेवून नुसता मका नेला तर? ते इतिहासाने दाखवलं. स्पॅनिश लोकांनी मका युरोपात नेला, चुना नेला नाही. 1735 साली गास्पार कासाल या वैद्याला स्पेनमधल्या मका खाणाऱ्या गरिबांत एक भयंकर रोग दिसला: कातडी सोलवटते, जुलाब लागतात, भ्रम होतो. हाच पेलाग्रा. पुढे इटलीत आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेच्या दक्षिण भागात त्याने हजारो माणसं नेली. डॉक्टर जंतू शोधत होते. जोसेफ गोल्डबर्गर यांनी 1914 पासून ठासून सांगितलं की दोष आहाराचा आहे. हा रोग संसर्गजन्य नाही हे पटवण्यासाठी त्यांनी रुग्णांचं रक्त स्वतःला टोचून घेतलं! नेमकं औषध 1937 साली कॉनराड एल्वेहेम यांच्या संशोधनातून हाती आलं, आणि ते होतं नायसिन. मेक्सिकोच्या चुलीवर ते सगळा वेळ रटरटत होतं.

आता आतलं सारण. मक्याच्या प्रथिनात लायसिन कमी असतं, घेवड्यात ते भरपूर. घेवड्यात मेथिओनिन कमी, मक्यात ते पुरेसं. एकाची उणीव दुसरा भरून काढतो. शेतातही यांचं असंच जमतं. मेक्सिकोच्या पारंपरिक मिल्पा शेतात मक्याच्या ताटावर घेवड्याचा वेल चढतो, घेवड्याच्या मुळांवरचे जिवाणू हवेतला नायट्रोजन जमिनीत बांधतात, आणि खाली पसरलेला भोपळ्याचा वेल माती झाकून ओल धरतो. म्हणजे भाजी कुठली घालायची हेही शेतानेच ठरवून ठेवलंय: कोवळा भोपळा किंवा झुकिनी, लसणावर परतून.

तिकडचा काळा घेवडा आपल्याकडे मिळाला नाही तर राजमा चालेल. कोरेगावचा वाघ्या घेवडा तर फारच छान, कारण तोही याच मूळच्या अमेरिकन कुळातला. फक्त रात्रभर भिजवा, ते पाणी फेका आणि कुकरला नीट शिजवा. कच्च्या दाण्यातलं एक लेक्टिन पोट बिघडवतं, आणि ते मंद आचेला दाद देत नाही. त्याला खळखळून उकळीच लागते.

रश्शासाठी मेक्सिकोत आंचो किंवा ग्वाहियो या सुक्या मिरच्या लागतात. आपली ब्याडगी त्यांच्या जवळ जाते: रंग गडद, तिखटपणा बेताचा. तव्यावर काही सेकंदच भाजायची, करपली की कडू होते. मग गरम पाण्यात भिजवून लसूण-टोमॅटोबरोबर वाटायची, गाळायची आणि तेलात परतायची. या परतण्याला पर्याय नाही. मिरचीचा लाल रंग पाण्यात नव्हे तर तेलात उतरतो. मिसळीवरची तर्री लाल असते ती याच कारणाने.

टॉर्टियाही आधी गरम तेलात काही क्षण टाकायचा. तेलाचं पातळ अस्तर बसलं की रस्सा आत हळूहळू मुरतो, एकदम शिरत नाही. मग रश्शात बुचकळायचा, सारण भरायचं, गुंडाळायचा.

आणि ती जिभेवरची आग? प्रत्यक्षात काहीच जळत नसतं. मिरचीतलं कॅप्सेसिन आपल्या उष्णता ओळखणाऱ्या ग्राहीवर जाऊन बसतं आणि मेंदूला ‘भाजलं’ असा खोटा निरोप जातो. हा ग्राही 1997 साली ओळखणाऱ्या डेव्हिड ज्युलियस यांना 2021 चं नोबेल मिळालं. पक्ष्यांच्या ग्राहीवर मात्र कॅप्सेसिनचं काही चालत नाही. दाढांनी बी चिरडणारे प्राणी दूर राहतात, बी अख्खं गिळून लांब टाकणारे पक्षी मजेत खातात. झाडाने आपला वाहतूकदार निवडला, असंच म्हणावंसं वाटतं. त्या निवडीत न बसणाऱ्या माणसानेच शेवटी सोळाव्या शतकात पोर्तुगीज जहाजांतून मिरची गोव्यात आणली.

ही आग शांत करतं दुधातलं केसिन. कॅप्सेसिनला ते जिभेवरून ओढून घेतं, म्हणून एन्चिलाडावर चीज किंवा साय येते. पण 1521 साली स्पॅनिशांनी मेक्सिकोतलं राजधानीचं शहर तेनोच्तित्लान जिंकलं, त्याआधी तिथे दुभतं जनावरच नव्हतं. हजारो वर्षं तिथल्या माणसांनी मिरची नुसती खाल्ली, आवडीने खाल्ली! आपण वरून पनीर कुस्करू, बारीक कांदा पेरू आणि लगेच वाढू. टॉर्टियाने रस्सा पिऊन टाकायच्या आत.